इच्छा तिची, हात त्याचे

रहस्यनाट्याच्या संहितेचं पहिलं वाचन सुरू झालं की मी समासात पेन्सिलीनं फक्त कृती टिपत जाते. दार कोणी उघडलं, पत्र पेटीत कोणी टाकलं, गाडी कोणी चालवली, कोण कोणाशी खोटं बोललं. स्वभाव, पूर्वेतिहास, संवादांची गोडी हे सगळं नंतर. ही सवय मला एका ब्रिटिश चित्रपटानं लावली. ‘सियान्स ऑन अ वेट आफ्टरनून’ हा तो चित्रपट. १९६४ सालचा, कृष्णधवल. मार्क मॅकशेन यांच्या १९६१ सालच्या कादंबरीवरून ब्रायन फोर्ब्झ यांनी लिहिला आणि दिग्दर्शित केला. त्याच वर्षी जॉन बॅरी यांनी ‘गोल्डफिंगर’ला संगीत दिलं आणि ते जगभर वाजलं. याच संगीतकारानं या चित्रपटासाठी केलेलं दबकं संगीत आपल्याकडे फार थोड्यांच्या कानावर पडलंय. नाटक-सिनेमातल्या मित्रांना मी या चित्रपटाबद्दल विचारते, तेव्हा बहुतेकांनी नावही ऐकलेलं नसतं. मला याचं वाईट वाटतं, कारण दोन माणसांमधून पाप कसं आकार घेतं हे इतक्या बारकाईनं दाखवणारी कलाकृती मला दुसरी माहीत नाही.

मायरा सॅव्हेज ही लंडनमधल्या एका जुन्या, अंधाऱ्या घरात राहणारी बाई. मृतात्म्यांशी संवाद साधणारी माध्यम म्हणून ती घरी बैठका घेते. मेजाभोवती चार-सहा माणसं हात धरून बसतात आणि तिच्या तोंडून आर्थर बोलतो. आर्थर हा तिचा गेलेला मुलगा. नवरा बिली नोकरीधंदा नसलेला, तब्येतीनं नाजूक, आवाज न करता घरात वावरणारा. आपल्या शक्तीला मान मिळायला हवा असं मायराला वाटतं आणि त्यासाठी ती एक बेत रचते. क्लेटन नावाच्या श्रीमंत माणसाची मुलगी अमँडा हिला पळवायचं, खंडणी मागायची आणि मग मायरानं आपल्या अंतर्दृष्टीनं मुलीचा आणि पैशांचा ठावठिकाणा सांगायचा. मुलगी परत, पैसे परत, कोणाचं काही गेलं नाही, आणि मायराचं नाव सगळ्या इंग्लंडच्या तोंडी. त्या घरात याला पळवणं म्हणतच नाहीत. मूल थोडे दिवस उसनं आणलंय, एवढंच.

आता समासातली यादी काढून बघू. शाळेबाहेर उभ्या असलेल्या गाडीच्या ड्रायव्हरला थाप मारून आत पाठवतो तो बिली. गाडी मुलीसकट घेऊन जातो तो बिली. तिला गुंगीचं औषध हुंगवतो, स्वतःच्या मोटारसायकलच्या साइडकारमध्ये घालून घरी आणतो, तोही बिलीच. पैशांची बॅग उचलायला लंडनच्या गर्दीत, भुयारी रेल्वेच्या स्टेशनात जाणारा बिली. हा प्रसंग फोर्ब्झनी खऱ्या गर्दीत चित्रित केला, आणि आजूबाजूच्या माणसांच्या चेहऱ्यावर ठरवून आणलेलं काही नाही हे पाहताना कळतं. शेवटी मुलीला रानात घेऊन जाणाराही बिलीच. मायरा काय करते? मुलीला ठेवायला घरातच एक खोटुकली इस्पितळाची खोली केलीय, तिथे नर्सचा पोशाख घालून जाते. क्लेटनच्या घरी जाऊन आपल्याला स्वप्न पडल्याचं सांगते. मेजाशी बसते. बाकी वेळ ती बोलते.

बोलण्यातून इच्छा सरकत सरकत त्याच्या हातात उतरते. ही यादी पहिल्यांदा केली तेव्हा मला जाणवलं, की या चित्रपटात गुन्हेगार कोण हा प्रश्न एका माणसापाशी जाऊन थांबतच नाही. मायरा एकटी असती तर आयुष्यभर त्या दिवाणखान्यात आर्थरशी बोलत राहिली असती. बिली एकटा असता तर त्यानं रस्त्यावरचं पाकीट उचलून पोलिस चौकीत नेऊन दिलं असतं. दोघांपैकी कोणीही स्वभावानं अपहरण करणारं माणूस नाही. तिसरंच काहीतरी त्या लग्नात तयार झालंय आणि ते अपहरण करतं. नैतिक संदिग्धता म्हणून आपण बहुतेक वेळा एका पात्राच्या मनातली घालमेल लिहितो: करू की नको, चांगला की वाईट. ती लिहायला सोपी, कारण एक स्वगत टाकलं की झालं. दोन माणसांच्या मधल्या जागेत ती ठेवायची तर स्वगत चालत नाही. तिथे एकानं अर्धं वाक्य सोडावं लागतं आणि दुसऱ्यानं ते न ऐकल्यासारखं करून पूर्ण करावं लागतं.

लेखन-कार्यशाळेत मी यावर बेतलेला एक खेळ घेते. दोन नट. पहिल्यानं दुसऱ्याकडून एक वाईट गोष्ट करवून घ्यायची, पण ती मागायची नाही. दुसऱ्यानं ती करायला तयार व्हायचं, पण हो म्हणायचं नाही. सुरुवातीला मुलं सूचक बोलतात, भुवया उडवतात, पॉज घेतात. सगळं कळतं आणि म्हणून काहीच घडत नाही. मग हळूहळू एखादी जोडी सापडते. पहिला चहा, पाऊस, पाहुणे असल्या गोष्टींवर बोलत राहतो, आणि दुसरा मध्येच उठून चप्पल घालतो. त्या चप्पल घालण्यात होकार असतो. तो कोणी मागितला हे पाहणाऱ्याला सांगता येत नाही, कोणी दिला हे मात्र स्वच्छ दिसतं. रिचर्ड ॲटनबरो यांनी साकारलेला बिली चित्रपटभर अशाच चपला घालत राहतो.

रिचर्ड ॲटनबरो आपल्याला ‘गांधी’मुळे माहीत, आणि त्याआधी सत्यजित राय यांच्या ‘शतरंज के खिलाड़ी’मधला जनरल औट्रम म्हणून. नट म्हणून त्यांची कारकीर्द मी सलग पाहिली, तेव्हा एक धागा ठळक दिसला. ‘ब्रायटन रॉक’मधला पोरसवदा खुनी पिंकी, मग १९७१च्या ‘टेन रिलिंग्टन प्लेस’मधला मृदुभाषी खुनी क्रिस्टी, आणि मध्ये हा बिली. बाळसेदार, कोणालाही धोका न वाटणारा चेहरा घेऊन हा नट वाईटाच्या अगदी जवळ जाऊन उभा राहतो. बिलीसाठी त्यांनी कृत्रिम नाक लावलं. नाकानं चेहरा बदलला, पण खरी करामत मानेची आहे. बायकोसमोर त्याची मान किंचित पुढे झुकलेली असते, ऐकण्यासाठी झुकलेली. आज्ञा झाली की ती मान वर होत नाही, सबंध शरीर वळतं आणि कामाला लागतं. त्या भूमिकेसाठी आणि ‘गन्स ॲट बटासी’मधल्या कडक लष्करी भूमिकेसाठी मिळून त्यांना सर्वोत्कृष्ट ब्रिटिश अभिनेत्याचं बाफ्टा मिळालं. दोन भूमिका एकत्र पाहिल्या तर माणूस एकच आहे यावर विश्वास बसत नाही.

ॲटनबरोंच्या डोक्यात गांधींवरचा चित्रपट १९६२ पासून होता, मोतीलाल कोठारी या लंडनमधल्या भारतीयानं तो विचार त्यांच्याकडे नेल्यापासून. म्हणजे बिली साकारताना ते गांधींवर वाचत असणार. यातून काही अर्थ काढायचा मोह मी टाळते. एवढं मात्र खरं, की निमूट माणसाच्या अंगी काय काय असू शकतं याचा शोध ते दोन्ही टोकांनी घेत होते.

मायरा साकारणाऱ्या किम स्टॅन्लेबद्दल लिहिताना मला हात आवरता येत नाही. न्यूयॉर्कच्या ॲक्टर्स स्टुडिओत घडलेली, ब्रॉडवेवर ‘पिकनिक’ आणि ‘बस स्टॉप’ गाजवलेली ही अमेरिकन अभिनेत्री सिनेमात फार थोडी दिसली. मायराच्या भूमिकेनंतर मोठ्या पडद्यावर ती थेट १९८२ साली ‘फ्रान्सिस’मध्ये आली. या भूमिकेला ऑस्करचं नामांकन होतं. पुरस्कार मिळाला तो ‘मेरी पॉपिन्स’साठी ज्युली अँड्र्यूज यांना. मुलांना सांभाळायला घरात आलेल्या एका बाईला सगळ्या जगानं डोक्यावर घेतलं त्याच वर्षी नर्सच्या टोपीतली ही दुसरी बाई मागे राहिली.

स्टॅन्लेची मायरा दरडावत नाही. मराठी रंगभूमीवर वर्चस्व गाजवणारी बायको म्हटली की आवाज चढतो, कमरेवर हात जातो आणि नवरा टाळ्या मिळवणारा केविलवाणा चेहरा करतो. त्या साच्यानं आपल्या नटनट्यांचं फार नुकसान केलंय. मायराचं वर्चस्व तिच्या लयीत आहे. एकाच वाक्यात ती लहान मुलीसारखी हट्ट करते, मग आईसारखी समजूत काढते आणि वाक्य संपायच्या आत तिचा आवाज कोरडा होतो. बिलीनं यातल्या कोणाला उत्तर द्यायचं? हट्टाला उत्तर देईपर्यंत समोर आई असते, आईकडे वळेपर्यंत आज्ञा येऊन पडलेली असते. तो सतत अर्धं पाऊल मागे. मी अभिनेत्रींना हा चित्रपट दाखवते तेव्हा आवाज बंद करून एकदा आणि चित्र झाकून एकदा असा दाखवते. चित्र झाकलं की कळतं, ती श्वास वाक्याच्या शेवटी न घेता मध्ये घेते. बोलणं संपलं असं समोरच्याला कधी वाटूच नये अशी ती सोय आहे.

तिला खोटारडी म्हणून मोकळं होता येत नाही, आणि माझ्या मते हीच या चित्रपटाची सर्वांत धीट बाजू. भोंदू माध्यमांवरच्या कथा ढिगानं आहेत. त्यात शेवटी दोरी सापडते, पडद्यामागचा माणूस सापडतो, प्रेक्षक सुटकेचा श्वास टाकतो. मायराचा स्वतःवर विश्वास आहे. आर्थर तिच्याशी बोलतो हे तिच्यासाठी सत्य आहे. तो पराक्रम जगानं पाहावा म्हणून ती फक्त एक घटना घडवून आणते. श्रद्धा खरी आणि पुरावा बनावट, अशी ही गाठ आहे. १९४४ मध्ये हेलन डंकन या माध्यम बाईला १७३५ सालच्या विचक्राफ्ट ॲक्टखाली तुरुंगात पाठवलं होतं. तो कायदा जाऊन १९५१ साली भोंदू माध्यमांविरुद्धचा नवा कायदा आला, आणि त्यानं फसवण्याच्या हेतूवर बोट ठेवलं. म्हणजे जी प्रामाणिकपणे मानते तिला तो कायदा हात लावत नव्हता. मायराच्या बैठकांना हा कायदा लावायचा तर न्यायाधीश अडखळला असता. अपहरण सिद्ध करायला सोपं. तिच्या मनात शिरून, इथपर्यंत विश्वास आणि इथून पुढे लबाडी, अशी रेघ कोणी ओढायची?

या बाईच्या मागे इंग्लंडचं अख्खं अर्धशतक उभं आहे. पहिल्या महायुद्धात मुलगे गमावलेल्या आईबापांनी मेजाभोवती बसून त्यांना हाका मारल्या. ऑलिव्हर लॉज हे मोठे भौतिकशास्त्रज्ञ, १९१५ साली त्यांचा मुलगा रेमंड लढाईत पडला, आणि पुढच्याच वर्षी त्यांनी त्याच्याशी झालेल्या संवादांचं पुस्तक छापलं. शेरलॉक होम्स लिहिणारे कॉनन डॉइल उतारवयात याच मार्गाचे कट्टर प्रचारक झाले. आपल्याकडेही मागच्या पिढीतल्या मध्यमवर्गीय मराठी घरांत प्लँचेट चालायचं. नोकरीतल्या बढतीपासून गेलेल्या बापाच्या ख्यालीखुशालीपर्यंत सगळं विचारलं जायचं, आणि विचारणारी माणसं पदवीधर, वाचणारी, शहाणी असायची. नाणं कोण सरकवतंय हा प्रश्न कोणी विचारत नसे. मला वाटतं तो विचारायचा नसतो हे सगळ्यांना ठाऊक असायचं. दुःखाला तेवढी सूट द्यायची, असा तो अलिखित करार. मायरा आणि बिली यांचं लग्न त्याच करारावर उभं आहे. फरक इतकाच, की इथे सूट देणारा एकटा नवरा आहे आणि दरवर्षी ती सूट वाढत गेली आहे.

कारण आर्थर कधी जगलाच नव्हता. तो मृतच जन्माला आला. चित्रपटात ही गोष्ट उशिरा, बिलीच्या तोंडून येते. तोवर आपण त्या घरात आर्थरची खोली, आर्थरचे शब्द, आर्थरची मर्जी ऐकत आलेलो असतो, आणि कुठेतरी मनात एक सहा-सात वर्षांचा मुलगा उभा केलेला असतो. बिलीचं ते एक वाक्य त्या मुलाला पुसून टाकतं. लेखिका म्हणून मी त्या जागेचा फार विचार केलाय. ही माहिती आधी दिली असती तर मायरा पहिल्या रिळापासून वेडी ठरली असती आणि आपण तिच्याकडे आजारी माणूस म्हणून पाहिलं असतं. उशिरा दिल्यामुळे घडतं ते वेगळंच. आपण बिलीकडे वळून बघतो. हा माणूस इतकी वर्षं, मूल नव्हतं हे माहीत असताना, रोज त्या मुलाबद्दल बोलत राहिला. ही माया की भित्रेपणा? बायकोचं दुःख सांभाळता सांभाळता त्यानं त्याला हातपाय फुटू दिले, खोली दिली, आवाज दिला. शेवटी त्या दुःखाला खेळगडी हवा झाला, तेव्हा तो मोटारसायकल काढायला उठला.

मी स्वतः एक दोन-पात्री नाटक लिहिलं त्यात हीच जागा मला शोधायची होती. मध्यमवयीन जोडपं, आतल्या खोलीत अंथरुणाला खिळलेली सासू, रात्री बाराच्या औषधाची वेळ. बायको म्हणते, आज त्यांना शांत झोप लागलीय. नवरा घड्याळाकडे बघतो आणि गजर बंद करतो. एवढंच. पुढच्या अंकात त्यांच्यात या गजरावरून जे काही होतं ते नाटक. तालमीत दोन्ही नट माझ्याशी भांडले. तिला वाटायचं, मी तर काही केलंच नाही. त्याला वाटायचं, मी तर काही म्हटलंच नाही. मी त्यांना सोडवलं नाही. उलट प्रयोगापर्यंत दोघांनी आपापली बाजू धरून ठेवावी असं बघितलं. पुढे एका प्रयोगानंतर एक वयस्क बाई भेटायला आल्या. गजर बंद करताना त्याचा हात थरथरला नाही हे फार बरं केलंत, असं म्हणाल्या आणि निघून गेल्या. त्या काय सांगून गेल्या ते मी त्यांना विचारलं नाही.

आपल्या रंगभूमीवर ही रचना सर्वांत भयंकर रूपात तेंडुलकरांच्या ‘सखाराम बाइंडर’मध्ये आहे. १९७२ साली ते नाटक आलं तेव्हा गदारोळ झाला तो भाषेवरून, शरीरावरून. पण हात आणि इच्छा यांची यादी करून बघा. मुंगीला साखर घालणारी, देवभोळी, मार खाणारी लक्ष्मी सखारामच्या कानात घरातल्या दुसऱ्या बाईबद्दल, चंपाबद्दल, एक बातमी घालते. चंपाचा गळा आवळतो सखाराम. खून करून तो राक्षस गलितगात्र होतो, आणि प्रेत पुरायला पुढे सरसावते ती लक्ष्मी. सोशिक माणूस म्हणजे निष्पाप माणूस हा आपला लाडका समज तेंडुलकरांनी तिथे मोडून काढला. फोर्ब्झनी तोच समज बिलीच्या बाबतीत मोडलाय, पण दुसऱ्या बाजूनं. तिथे सोशिक माणसाची इच्छा दांडग्याच्या हातून पुरी होते, इथे दांडग्या इच्छेला सोशिक माणूस आपले हात देतो.

मुलीबद्दल बोलायलाच हवं. अमँडा गोड नाही. ती लाडावलेली, फटकळ, चौकस पोरगी आहे. जागी होते तेव्हा रडून गोंधळ घालण्याऐवजी ती प्रश्न विचारते. हे इस्पितळ कुठलं, आई का येत नाही, इथल्या वस्तू अशा का. मायराचं नर्सचं सोंग तिला पटत नाही आणि ती तसं दाखवतेही. पोरीनं केविलवाणं असावं असा मोह कोणत्याही लेखकाला झाला असता, कारण त्यानं प्रेक्षकाची सहानुभूती झटकन मिळते. पण केविलवाणी मुलगी आली की संदिग्धता संपली, मायरा-बिली थेट राक्षस. फटकळ मुलगी आल्यानं काय होतं, तर आपण क्षणभर मायराच्या बाजूनं चिडतो. ते चिडणं लक्षात येताच आपलीच लाज वाटते. प्रेक्षकाला असं गुन्ह्यात ओढून आणणं फार अवघड काम आहे, आणि मुलीच्या प्रत्येक खोचक प्रश्नागणिक ते होत राहतं.

मग तिची आई येते. ही भूमिका नॅनेट न्यूमन यांनी केलीय. नवऱ्यानं मायराला हाकलून दिलंय, तरी ही बाई तिच्या बैठकीला येते. खाली मेजाशी मूल हरवलेली आई आणि मूल कधी न मिळालेली आई एकमेकींचे हात धरून बसतात. वर खोलीत तीच मुलगी आणि तिचा आवाज खाली जाऊ नये म्हणून धडपडणारा बिली. मायरानं या बाईचं मूल चोरलंय. त्याच वेळी तिचं दुःख या घरात खरोखर कोणाला कळत असेल तर मायरालाच कळतंय. दोन्ही गोष्टी एकाच चेहऱ्यावर, एकाच क्षणी. दिग्दर्शक तिथे निवाडा करायला मध्ये येत नाही. जिन्याच्या खाली आणि जिन्याच्या वर, एवढी विभागणी करून तो थांबतो. नेपथ्य काय करू शकतं हे शिकवायला मला याहून चांगलं उदाहरण मिळालेलं नाही.

मॅकशेन यांच्या कादंबरीत मुलगी मरते, बिलीच्या हातून, तिला गप्प करण्याच्या धडपडीत. फोर्ब्झनी तिला वाचवलं. चित्रपट गुळगुळीत करण्यासाठी केलेली तडजोड असं काहींना वाटतं. मला ते अजिबात पटत नाही. मूल मेलं की प्रश्न न्यायालयाचा होतो. आपण शोक करतो, शिक्षा मागतो आणि घरी जातो. चित्रपटात काय होतं ते पाहा. आर्थरला सोबतीण हवीय, असं मायरा सुचवते. नेहमीसारखं अर्धं वाक्य. नेहमीसारखी बिलीची मान झुकते. तो मुलीला घेऊन रानात जातो, तिला एका ठिकाणी ठेवतो आणि परत येतो. आपल्याला वाटतं, संपलं. मायरालाही वाटतं, संपलं. कॅमेरा बायकोइतकंच प्रेक्षकाला अंधारात ठेवतो. जिथे ती सापडेल अशा जागी त्यानं तिला ठेवलं होतं, जवळच बालवीरांचा तळ होता, हे फार पुढे कळतं.

बिलीनं आयुष्यात पहिल्यांदा स्वतःच्या मनानं केलेली ही गोष्ट. ती चांगली आहे. आणि ती करायला त्याला बायकोला फसवावं लागतं. आजवर तिच्या खोट्याला त्यानं साथ दिली ती प्रेमापोटी, आता तिच्याशी खोटं बोलून तो मुलीचा जीव वाचवतो. दरम्यान आपण मूल मारलं असं तिला मानू देतो. तिला सांगून टाकलं असतं तर? तिनं पुन्हा एक अर्धं वाक्य टाकलं असतं, हे त्याला ठाऊक आहे. स्वतःचीही खात्री त्याला नाही. म्हणून तो बोलत नाही. जुना गप्प बसण्याचा दुर्गुण, पण या वेळी त्याच गप्पपणातून जीव वाचतो. पात्राचा स्वभाव न बदलता त्याच्या स्वभावाचाच अर्थ उलटा करणं, हे कथालेखनातलं मला सर्वांत कठीण वाटणारं काम आहे. मुलगी मेली असती तर ही जागा लिहिताच आली नसती.

जपानी दिग्दर्शक कियोशी कुरोसावा यांनी २००० साली याच कादंबरीवर टेलिव्हिजनसाठी ‘कोरेइ’ केला. त्यांनी गाठ आणखी आवळली. तिथलं जोडपं मुलीला पळवतच नाही. दुसऱ्याच कोणाच्या तावडीतून सुटलेली मुलगी ध्वनिमुद्रण करणाऱ्या नवऱ्याच्या सामानाच्या पेटीत लपते आणि नकळत घरी येते. पोलिसांना फोन करायचा, एवढंच त्यांना करायचं असतं. तो फोन होत नाही. पापाची सुरुवात एका न केलेल्या कृतीतून. माझ्या समासात तिथे काय टिपायचं? कोरी जागा. पण कुरोसावांच्या चित्रपटात मुलगी जगत नाही, पुढे तिचं भूत येतं, आणि भूत आलं की निवाडा करायला बाहेरून कोणीतरी आलं. म्हणून मला फोर्ब्झचा चित्रपट अधिक जवळचा. तिथे त्या दोघांना बघायला त्या दोघांशिवाय कोणी नाही.

शेवटी पोलिस घरी येतात आणि मायराला बैठक घ्यायला सांगतात. पॅट्रिक मॅगी यांनी केलेला पोलिस अधिकारी शांत बसून ऐकतो. मायरा समाधीत जाते आणि बोलू लागते. मुलगी, आर्थर, बिली, सगळं तिच्या तोंडून बाहेर येतं. हाच तो प्रयोग, ज्यासाठी सगळा खटाटोप होता. पाहायला अधिकारी माणसं बसलेली, आणि तिची विद्या शब्दशः खरी ठरतेय. गुन्ह्याचा तपास समाधीतून लागतोय. पण ही समाधी आहे की कबुली? तिला खरोखर दिसतंय, की जे माहीत आहे तेच दार मोडून बाहेर आलंय? ती अजूनही नाटक करतेय आणि त्या नाटकात अडकलीय, असंही मानायला जागा आहे. स्टॅन्लेचा चेहरा तिन्ही वाटा मोकळ्या ठेवतो.

माझ्या पुढच्या नाटकातल्या बाईला असा एक प्रवेश आहे. कबुली आणि सोंग यांच्या मधोमध उभा असलेला. वाचनाच्या वेळी ती भूमिका करणारी मुलगी मला विचारत होती, ताई, हिला नेमकं माहीत असतं का? मी तिला म्हटलं, तू ठरव. पहिल्या प्रयोगाआधी ठरव आणि शेवटच्या प्रयोगापर्यंत बदलू नकोस. फक्त मला सांगू नकोस, आणि नवऱ्याचं काम करणाऱ्याला तर मुळीच सांगू नकोस.